पुनरुक्ती आणि हास्य : जुना चुटका का हसवीत नाही?

१. प्रश्नाचे स्वरूप

एकदा ऐकलेला चुटका दुसऱ्यांदा ऐकताना हसू येत नाही, हा अनुभव इतका सार्वत्रिक आहे की त्याचे कारण शोधण्याची आवश्यकता सहसा कोणास भासत नाही. ‘चुटका शिळा झाला’ एवढे म्हणून आपण मोकळे होतो. परंतु अन्नाचे हे विशेषण येथे फसवे आहे. शिळ्या अन्नात प्रत्यक्ष काही पालट झालेला असतो. चुटक्यात मात्र एका अक्षराचाही पालट झालेला नसतो. शब्द तेच, अर्थ तोच, सांगणाऱ्याचे कौशल्यही तेच. इतकेच नव्हे, तर तोच चुटका प्रथमच ऐकणारा शेजारचा गृहस्थ त्याच क्षणी पोट धरून हसत असतो. तेव्हा पालट झाला आहे तो चुटक्यात नव्हे, श्रोत्यात. तो कोणता, हा आपला पहिला प्रश्न.

दुसरा प्रश्न याहून अवघड आहे. जो श्रोता जुन्या चुटक्याला जांभई देतो, तोच श्रोता त्याच संध्याकाळी पाचव्यांदा पाहावयास गेलेल्या विनोदी नाटकाला मनमुराद हसतो. पुढील वाक्य त्याला पाठ असते. ते येण्यापूर्वीच त्याच्या ओठांवर हसू उमटलेले असते. नावीन्य हा विनोदाचा प्राण असेल, तर हे हास्य कोठून येते? जी उपपत्ती पहिल्या प्रश्नाचे उत्तर देते आणि दुसऱ्यापाशी मूक होते, ती चुटक्याची उपपत्ती असू शकेल, विनोदाची नव्हे. प्रस्तुत लेखात या दोन्ही प्रश्नांना एकच उत्तर पुरते, असे दाखविण्याचा प्रयत्न केला आहे.

२. चुटक्याची घडण

उदाहरणादाखल सर्वांच्या परिचयाचा एक चुटका घेऊ. सावकार ऋणकोला विचारतो, “माझे पैसे केव्हा परत करणार?” ऋणको उत्तरतो, “ते मी कसे सांगू? मी का ज्योतिषी आहे?”

सावकाराचा प्रश्न कानी पडताच श्रोता त्याचा एक अर्थ गृहीत धरतो. हा वायदा मागणारा प्रश्न आहे, हे त्याला कोणी सांगावे लागत नाही. आपण अनेक अर्थांतून एक निवडला, याचीही त्याला जाणीव नसते. व्यवहारातील सवयीने तो अर्थ आपोआप पुढे येतो. ऋणकोच्या उत्तराबरोबर एकाएकी उघड होते की त्याच शब्दांना ‘भविष्य सांगा’ असाही एक अर्थ होता. हा दुसरा अर्थ व्याकरणदृष्ट्या निर्दोष आणि व्यवहारदृष्ट्या वेडगळ आहे. श्रोत्याला मागे वळून पहिले वाक्य नव्याने वाचावे लागते, आणि तसे वाचताच ऋणकोचा सारा निर्ढावलेपणा प्रकाशात येतो. कर्जाची फेड ही आपल्या हातची गोष्ट नसून ग्रहांच्या हातची आहे, असे तो मानत असल्याचे दिसते. हे सारे क्षणार्धात घडते, आणि त्या क्षणार्धातच हसू फुटते.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील मानसशास्त्रज्ञांनी व भाषाशास्त्रज्ञांनी ही प्रक्रिया बारकाईने मांडली आहे. जेरी सल्स यांनी १९७२ साली तिच्या दोन पायऱ्या कल्पिल्या : प्रथम विसंगती जाणवते, नंतर त्या विसंगतीचा उलगडा होतो. व्हिक्टर रास्किन यांनी १९८५ साली असे प्रतिपादिले की चुटक्याची संहिता परस्परविरोधी अशा दोन अर्थचौकटींशी एकाच वेळी, पूर्णतः वा अंशतः, जुळणारी असते. या विवेचनांत भेद असले तरी त्यांतून एक गोष्ट समान निष्पन्न होते. दुसरा अर्थ प्रकट होईपर्यंत श्रोत्याने पहिल्या अर्थावर विश्वास ठेवलाच पाहिजे. चुटक्याचे खरे साहित्य शब्द नव्हेत. श्रोत्याने आपण होऊन केलेले चुकीचे अनुमान हे ते साहित्य होय.

हे ध्यानात घेतले म्हणजे दुसऱ्या खेपेला काय होते ते स्पष्ट होते. ज्याला ऋणकोचे उत्तर ठाऊक आहे, त्याच्या मनात सावकाराचा प्रश्न ऐकतानाच दोन्ही अर्थ शेजारीशेजारी उभे असतात. त्याचे अनुमान चुकत नाही, म्हणून ते सुधारावेही लागत नाही. चुटका समजावून सांगितला असता तो मरतो, याचेही कारण हेच. स्पष्टीकरण आणि पुनरुक्ती या दोन्ही गोष्टी श्रोत्याच्या हाती दोन्ही अर्थ एकदम ठेवतात.

मेंदूच्या विद्युत्‌क्रियेच्या अभ्यासातून या विवेचनास काहीसा दुजोरा मिळतो. मार्टा कुटास आणि स्टीव्हन हिलियार्ड यांनी १९८० साली असे दाखविले की वाक्याच्या अखेरीस अर्थाशी विसंगत शब्द आला असता त्यानंतर सुमारे ४०० सहस्रांश सेकंदांनी मेंदूत एक विशिष्ट ऋण लहर उमटते. पुढे २००१ साली सीना कूलसन आणि कुटास यांनी चुटक्यांच्या अंत्य शब्दांचा याच पद्धतीने अभ्यास केला. शब्दाची पुनरावृत्ती झाली असता ही लहर क्षीण होते, हेही अनेक प्रयोगांतून दिसून आले आहे. अर्थात ही लहर म्हणजे हास्य नव्हे. अनपेक्षित शब्दाला अर्थात सामावून घेण्याचे श्रम दुसऱ्या वेळी कमी पडतात, एवढेच तिच्यावरून म्हणता येते.

३. तीन उपपत्तींची एकवाक्यता

हास्याविषयीच्या पाश्चात्त्य विचारात तीन प्रमुख परंपरा मानण्याची पद्धत आहे, आणि तिन्हींचे एकमेकींशी वैर आहे. थॉमस हॉब्जच्या मते दुसऱ्याच्या न्यूनाशी तुलना होऊन स्वतःच्या श्रेष्ठत्वाची जी आकस्मिक जाणीव होते, तिच्यातून हास्य उद्भवते. इमान्युएल कांटने १७९० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या तिसऱ्या मीमांसाग्रंथात, ताणलेली अपेक्षा एकाएकी शून्यात विरून जाणे हे हास्याचे कारण सांगितले. सिग्मंड फ्रॉइडने १९०५ सालच्या विनोदविषयक ग्रंथात असे मांडले की मनावरील निर्बंध सांभाळण्यासाठी खर्ची पडणारी शक्ती विनोदामुळे अकस्मात वाचते, आणि ती वाचलेली शक्ती हास्यरूपाने मोकळी होते.

पुनरुक्तीच्या प्रश्नावर मात्र या तिघांचे सूर जुळतात. हॉब्जने तर स्पष्टच म्हटले आहे की जी गोष्ट नेहमीची झाली ती हास्यकारक उरत नाही. कांटची अपेक्षा दुसऱ्या वेळी ताणलीच जात नाही. फ्रॉइडच्या हिशेबात, निर्बंध कोठे उठणार हे आधीच ठाऊक असल्याने शक्ती अडवूनही ठेवली जात नाही आणि वाचतही नाही. ‘आकस्मिकता’ हा घटक तिन्ही उपपत्तींनी गृहीत धरलेला आहे.

या एकवाक्यतेतून एक महत्त्वाची गोष्ट सूचित होते. पुनरुक्तीने चुटका मरतो हे सत्य तिन्ही उपपत्तींना सारखेच मानवते. म्हणून त्या सत्याच्या आधारे त्यांच्यातील वादाचा निवाडा करता येणार नाही. निवाडा करावयाचा तर पुनरुक्तीनंतरही जे टिकते त्याकडे वळले पाहिजे. आजवरच्या चर्चेत मरणाऱ्या विनोदाचे शवविच्छेदन पुष्कळ झाले. जगणाऱ्या विनोदाची प्रकृती त्या मानाने थोडी तपासली गेली.

४. हा केवळ सवयीचा परिणाम आहे काय?

येथे एक सोपे उत्तर सुचेल, आणि त्याचा निरास प्रथम केला पाहिजे. कोणत्याही सुखाची सवय होते. अत्तराचा वास थोड्या वेळाने जाणवेनासा होतो, रोजचे पक्वान्न नकोसे वाटते. तसेच चुटक्याचे होत असावे, असे म्हणता येईल. परंतु सवयीची दोन लक्षणे आहेत. तिने येणारी उतार क्रमाक्रमाने येते, आणि काही काळ विश्रांती दिली असता पूर्वीची गोडी परत येते. चुटक्याला ही दोन्ही लक्षणे लागू पडत नाहीत. त्याची उतार दुसऱ्या ऐकण्यातच जवळजवळ पूर्ण होते. आणि वर्षभर विश्रांती दिली तरी, उत्तर स्मरणात असेल तोवर, तो पुन्हा जिवंत होत नाही. तो जिवंत होतो केवळ विस्मृतीने. तेव्हा येथे झिजते ती सुख घेण्याची शक्ती नव्हे. येथे अज्ञान संपलेले असते, आणि अज्ञान हे एकदाच संपते.

५. अज्ञान कोणाचे?

आता दुसऱ्या प्रश्नाकडे वळता येईल. चुटक्याला अज्ञान लागते, हे मान्य. परंतु ते कोणाचे? चुटक्यात फसतो तो श्रोता. ऋणको फसत नाही, सावकारही फसत नाही. सावकाराचा प्रश्न एकाच अर्थाने ऐकून श्रोताच खड्ड्यात पडतो. म्हणजे चुटक्यातील मुख्य पात्र श्रोता स्वतः आहे, आणि ती भूमिका त्याला एकदाच वठविता येते. याउलट विनोदी नाटकात फसणारा माणूस रंगभूमीवर असतो. प्रेक्षकाला सारे ठाऊक असते, पात्राला नसते, आणि या दोहोंमधील अंतरातून हास्य निर्माण होते. हे अज्ञान पात्राच्या ठायी असल्यामुळे प्रेक्षकाच्या ज्ञानाने ते नष्ट होत नाही. प्रत्येक प्रयोगाला पात्र पुन्हा तितकेच अज्ञ असते.

गोविंद बल्लाळ देवलांचे ‘संशयकल्लोळ’ हे याचे उत्तम उदाहरण होय. मोलिएरच्या १६६० सालच्या प्रहसनाचे बीज आर्थर मर्फीच्या इंग्रजी रूपांतराच्या द्वारे मराठीत आले. १८९३ साली ते ‘फाल्गुनराव’ या गद्य नाटकाच्या रूपाने आणि १९१६ साली ‘संगीत संशयकल्लोळ’ या रूपाने रंगभूमीवर अवतरले. या नाटकाची सारी रचना पाहिली तर असे दिसते की लेखकाने प्रेक्षकापासून काहीच लपवून ठेवलेले नाही. तसबीर कृत्तिकेच्या हाती कशी आली ते प्रेक्षक जाणतो. घेरी आलेल्या रेवतीला फाल्गुनराव का सावरतो तेही जाणतो. फाल्गुनरावाचा संशय निराधार आहे हे पहिल्याच प्रयोगाच्या पहिल्याच प्रेक्षकाला जितके ठाऊक होते, तितकेच ते दहाव्यांदा पाहणाऱ्याला ठाऊक असते. म्हणजे पुनरावृत्तीने जे नष्ट व्हावयाचे त्यावर हे नाटक मुळात उभेच नाही. पात्राचा संशयी स्वभाव प्रत्येक नव्या पुराव्याचा कसा विपर्यास करतो, हे पाहण्यात येथील आनंद आहे, आणि तो स्वभाव ओळखीचा झाला की हा आनंद वाढतो.

गंगाराम गवाणकरांच्या ‘वस्त्रहरण’ या मालवणी नाटकाचे १९८० पासून हजारो प्रयोग झाले. त्यातील गावकरी महाभारतातील प्रसंग रंगवू पाहतात, आणि त्यांची उडणारी त्रेधा हाच नाटकाचा विषय आहे. मूळ कथा प्रेक्षकाला जन्मापासून ठाऊक. घोटाळेही पुढे पाठ झालेले. तथापि घोटाळा करणाऱ्यांना आपण घोटाळा करीत आहोत याची जाणीव नसते, आणि हास्याचा झरा तेथेच वाहता राहतो. पु. ल. देशपांडे यांची ‘बटाट्याची चाळ’ १९५८ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली आणि पुढे एकपात्री प्रयोगाच्या रूपाने गाजली. तिची ध्वनिमुद्रणे घरोघर पुन्हा पुन्हा ऐकली जातात, याचीही मीमांसा अशीच करता येईल. त्या चाळीत आपण जातो ते परिचितांस भेटावयास. परिचित मनुष्य आपल्या स्वभावाप्रमाणेच वागला, याचा कंटाळा न येता संतोष होतो.

चुटका सांगणाऱ्याच्या आनंदाचाही उलगडा याच तत्त्वाने होतो. सांगणाऱ्याला स्वतःच्या चुटक्याचे हसू येत नाही, त्याला हसणाऱ्या तिसऱ्या व्यक्तीची गरज असते, हे फ्रॉइडने दाखविले आहे. नवा चुटका ऐकताच तो कोणाला तरी सांगण्याची जी घाई होते तिचे कारण हेच. ज्याच्यापुरता चुटका संपला, तो आता प्रेक्षक झाला. नव्या श्रोत्याला त्याने पात्र केले. त्या श्रोत्याच्या चेहऱ्यावर चुकीचे अनुमान कसे आकार घेते आणि कसे कोसळते हे तो पाहतो. अज्ञान पुन्हा दुसऱ्याचे झाले, आणि आनंद परत आला. म्हणूनच चुटका व्यक्तीपुरता मरतो, समाजात मरत नाही. इसवी सनाच्या चौथ्या वा पाचव्या शतकातील ‘फिलोगेलोस’ या ग्रीक संग्रहात सुमारे २६५ चुटके आहेत. त्यांतील काही आजही, नावे बदलून, नव्या श्रोत्याला हसवू शकतात.

६. भरताची विभावयादी

या भेदाच्या प्रकाशात नाट्यशास्त्राचा सहावा अध्याय वाचला असता एक लक्षणीय गोष्ट आढळते. भरताने हास्याचे विभाव सांगताना विकृत वेष व अलंकार, धार्ष्ट्य, लौल्य, असत्प्रलाप, व्यंगदर्शन, दोषकथन अशा गोष्टींची गणना केली आहे. या यादीतील बहुतेक बाबी कोणा एका व्यक्तीच्या ठायी दिसणाऱ्या विकृती आहेत. आकस्मिक कलाटणीला तीत स्वतंत्र स्थान नाही. विस्मय हा स्थायी भाव भरताने निराळा काढून अद्भुत रसाकडे सोपविला, आणि हास हा हास्याकडे ठेवला. पाश्चात्त्य मीमांसेने ज्या दोन गोष्टी एकत्र बांधल्या, त्या येथे प्रथमपासूनच विभक्त आहेत.

चुटक्यात विस्मय आणि हास यांचे मिश्रण असते, असे या परिभाषेत म्हणता येईल. पुनरुक्ती ही त्या मिश्रणाची परीक्षा होय. ती विस्मय वेगळा काढून टाकते आणि मागे हासाचा काही अंश राहतो की नाही हे दाखविते. निव्वळ शब्दचमत्कृतीवर उभ्या असलेल्या कोटीत फारच थोडे राहते. विकृती जेथे पात्राच्या ठायी आहे तेथे जवळजवळ सर्व राहते. आनंदवर्धनाने ध्वन्यालोकाच्या चौथ्या उद्द्योतात, पूर्वी पाहिलेले अर्थही रसाच्या योगाने वसंतातील वृक्षांप्रमाणे नवे भासतात, असा अभिप्राय व्यक्त केला आहे. तो काव्याविषयी असला तरी स्वभावनिष्ठ विनोदासही लागू पडतो.

७. काही आक्षेप

पहिला आक्षेप आंरी बर्गसाँच्या १९०० सालच्या हास्यविषयक ग्रंथातून निघतो. त्याच्या मते पुनरावृत्ती ही स्वतःच हास्यकारक आहे. दाबताच पुन्हा उसळणारा स्प्रिंगचा बाहुला किंवा एकच वाक्य पुन्हा पुन्हा उच्चारणारे पात्र आपल्याला हसविते. मराठी नाटकातील पालुपदे हा याचाच प्रकार. हा आक्षेप वरवरचा आहे, कारण येथे पुनरावृत्ती पात्राची आहे. सजीव माणूस यंत्रवत वागतो आणि त्याला त्याचे भान नसते, ही बर्गसाँची मूळ भूमिका वरील विवेचनाला पोषकच आहे.

दुसरा आक्षेप बालकांचा. फ्रॉइडने १९२० साली नोंदविले की दुसऱ्यांदा ऐकलेल्या विनोदाचा प्रौढावर परिणाम होत नाही, पण मूल मात्र तीच गोष्ट तशीच पुन्हा सांगण्याचा आग्रह धरते. पदराआडून तोंड दाखविण्याचा खेळ शंभरदा खेळूनही लहान मूल खिदळते. जगातील घटना अजून भरवशाच्या झालेल्या नसतात, त्या वयात अपेक्षा खरी ठरणे हाच विजय असतो, असे याचे स्पष्टीकरण संभवते. प्रौढांतही याचा अवशेष आढळतो. १९६३ साली जर्मन दूरचित्रवाणीसाठी मुद्रित झालेले ‘डिनर फॉर वन’ हे छोटे प्रहसन त्या देशात दरवर्षी ३१ डिसेंबरला दाखविले जाते. त्यातील म्हातारा नोकर वाघाच्या कातड्याच्या डोक्याला पुन्हा पुन्हा अडखळतो, आणि एखाद्या खेपेस न अडखळता गेला तर स्वतःच चकित होतो. येथे पुनरावृत्ती पात्राची तर आहेच. पण वर्षानुवर्षे पाहणाऱ्यांच्या बाबतीत तिला सोहळ्याचे रूपही आले आहे. हसण्यात सोबतीचा वाटा मोठा असतो, हे रॉबर्ट प्रोव्हाइन यांच्या संशोधनातून दिसून आले आहे. एकट्यापेक्षा चारचौघांत माणूस सुमारे ३० पट अधिक हसतो. कुटुंबात वा मित्रमंडळीत एखाद्या जुन्या विनोदाचा नुसता उल्लेख पुरतो, तो यामुळेच. तेथे हसू येते ते विनोदाला नव्हे. ‘आपण तेव्हाही एकत्र होतो’ या जाणिवेला.

तिसरा आक्षेप अधिक विचारार्ह आहे. उत्तम श्लेष वा कोटी पुन्हा ऐकतानाही आवडते. हे खरे, परंतु त्या वेळी आपण हसत नाही, मान डोलावतो. हास्याची जागा कारागिरीच्या कौतुकाने घेतलेली असते. ‘विनोद चांगला आहे’ हा निर्णय आणि प्रत्यक्ष हसू या दोन भिन्न घटना आहेत. पहिली पुनरुक्तीनंतर टिकते, दुसरी टिकत नाही.

८. निष्कर्ष

वरील विवेचनाचा इत्यर्थ असा : पुनरुक्ती विनोद मारीत नाही, ती श्रोत्याचे अज्ञान संपविते. ज्या विनोदाला श्रोत्याचे अज्ञान लागते तो त्याबरोबर संपतो. ज्याला पात्राचे अज्ञान पुरते तो टिकतो, आणि परिचयाने अधिक खुलतो.

हे मान्य केल्यास अभ्यासाच्या पद्धतीत दोन बदल आवश्यक ठरतात. प्रयोगशाळेत विनोदाचे मापन करताना चुटके हे सोयीचे साधन म्हणून वापरले जातात, आणि ते बहुधा एकदाच ऐकविले जातात. अशा मापनात विस्मय आणि हास यांची बेरीज हाती येते, आणि तीच विनोदाचे मोजमाप म्हणून पुढे केली जाते. तीच सामग्री त्याच श्रोत्यांना पुन्हा ऐकविली, तर दोन्ही मापनांतील अंतरावरून विस्मयाचा वाटा निराळा करता येईल. दुसरा बदल समीक्षेत व अध्यापनात व्हावयास हवा. न. चिं. केळकरांनी १९०८ साली ‘सुभाषित आणि विनोद’ हा ग्रंथ लिहून मराठीत हास्यमीमांसेचा पाया घातला. त्यानंतर श्रीपाद कृष्ण कोल्हटकर, राम गणेश गडकरी, चिं. वि. जोशी यांच्या विनोदाची चर्चा बहुतांशी कोटी, अतिशयोक्ती, उपहास या प्रकारांनुसार झाली. त्याऐवजी प्रत्येक स्थळी ‘येथे फसतो कोण?’ असा प्रश्न विचारून या साहित्याचे वर्गीकरण करून पाहावे. पिढ्यांमागून पिढ्या एखादे पान का हसविते आणि त्याच ग्रंथातील शेजारचे पान का कोमेजते, याचा उलगडा त्यातून पुष्कळसा होईल. वर्गात विनोदी उतारा शिकविताना तो मरतो अशी तक्रार नेहमी ऐकू येते. मरते ती कोटी, आणि ती वाचविण्याचा उपाय अध्यापकाच्या हाती नाही. पात्राचा स्वभाव मात्र जितका उलगडून दाखवावा तितका विनोद वाढतो. म्हणून अध्यापकाने आपले स्पष्टीकरण त्या बाजूस वळवावे, हेच इष्ट होय.